दावा रखडला तर हायकोर्टाकडे दाद कशी मागावी



कोणते पीक किती दिवसांत येते हे आपल्याला तोंडपाठ असते. रब्बी ज्वारी चार महिन्यांत घरात येते, आडसाली उसाला दीड वर्ष लागते. कोर्टात लावलेला दावा किती दिवसांत पिकेल, हे मात्र कुणीच छातीठोकपणे सांगत नाही. वाटपाचा दावा बापाने लावायचा आणि निकाल ऐकायला मुलाने उभे राहायचे, अशी उदाहरणे प्रत्येक तालुक्यात आहेत. दरम्यान जमीन जागेवरच असते, पण ती धड आपली नाही आणि धड दुसऱ्याचीही नाही. वादातली जमीन म्हटली की बँक कर्जाला हात आखडता घेते. विहिरीवर मोटार बसवावी तर भाऊबंद मनाई आणतो. पाइपलाइन, शेततळे, फळबाग, सगळे "निकाल लागू दे, मग बघू" यावर येऊन थांबते.

अशा वेळी पारावर एक सल्ला हमखास मिळतो. "हायकोर्टातून ऑर्डर आण की! सहा महिन्यांत निकाल द्यायला लावतात." हा सल्ला अगदीच खोटा नाही, पण तो अर्धवट आहे, आणि अर्धवट सल्ल्यावर पैसा फार खर्च होतो. हायकोर्टाला खरोखर काय करता येते, ते केव्हा करते, आणि तिथे जाण्याआधी तालुक्याच्या कोर्टातच काय करून पाहावे, हे या पत्रकात सांगितले आहे.

हायकोर्टाला हा अधिकार कुठून मिळाला

आपल्या राज्यघटनेच्या २२७ व्या कलमाने प्रत्येक हायकोर्टाला आपल्या हद्दीतल्या सर्व खालच्या कोर्टांवर आणि न्यायाधिकरणांवर देखरेख करण्याचा अधिकार दिला आहे. देखरेख हा शब्द नीट लक्षात घ्या. कालव्यावरचा अधिकारी तुमच्या वावरात येऊन दारे धरत नाही. चारी तुंबली असेल, पाणी पुढे सरकत नसेल, तर ती मोकळी करायला सांगतो. हायकोर्टाचे तसेच आहे. जमीन तुमची की चुलत्याची, हे हायकोर्ट या अर्जात ठरवीत नाही. खालच्या कोर्टाने जे काम करायला हवे ते पडून राहिले आहे काय, एवढेच पाहते. पडून राहिले असेल आणि तसे कारण असेल, तर ते अमुक मुदतीत करा असे सांगते.

पुष्कळ जण २२६ आणि २२७ ही दोन कलमे एकत्र घेतात. सरकारी अधिकाऱ्याने कर्तव्य केले नाही तर २२६ खाली रिट मागतात. दिवाणी कोर्टाच्या कामाबद्दल मात्र २२६ चालत नाही, तिथे २२७ च, असे सुप्रीम कोर्टाने २०१५ साली राधेश्याम विरुद्ध छबीनाथ या प्रकरणात ठरवून दिले आहे. हा फरक वकिलांनी पाहायचा असतो हे खरे. पण आपल्या नावाने काय दाखल होते हे आपल्यालाही माहीत असावे.

२०२४ चा निकाल, आणि सहा महिन्यांचा गैरसमज

आता त्या "सहा महिन्यां"कडे वळू. यावरून गावोगाव मोठा घोटाळा झालेला आहे.

२०१८ साली सुप्रीम कोर्टाच्या तीन न्यायाधीशांनी एशियन रिसरफेसिंग नावाच्या प्रकरणात असे सांगितले होते की, वरच्या कोर्टाने खालच्या खटल्याला दिलेली स्थगिती, कारण देऊन वाढवली नाही तर, सहा महिन्यांनी आपोआप संपेल. त्यावर बऱ्याच लोकांनी भिस्त ठेवली. पण २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने अलाहाबादच्या हायकोर्ट बार असोसिएशनच्या प्रकरणात तो निकाल फिरवला. स्थगिती आपोआप संपत नाही, असे त्यांनी स्पष्ट केले. म्हणून कुणी तुम्हाला "सहा महिने झाले, स्टे गेला, आता खुशाल नांगर घाल" असे सांगितले तर ऐकू नका. स्टे असताना नांगर घातला तर मनाई मोडल्याचे बालंट तुमच्यावर येईल. स्टे उठवायचा असेल तर ज्या कोर्टाने दिला त्याच कोर्टात तो उठवण्याचा अर्ज द्यावा लागतो.

त्याच निकालात दुसरी एक गोष्ट आहे आणि आपल्या विषयाशी तिचा जवळचा संबंध आहे. सुप्रीम कोर्टाने आणि हायकोर्टांनी खालच्या कोर्टाला "अमुक महिन्यांत निकाल द्या" असे बांधून देण्याचे शक्यतो टाळावे, अगदी अपवादात्मक परिस्थितीतच तसे करावे, असे घटनापीठाने म्हटले आहे. कारणही समजण्यासारखे आहे. प्रत्येक कोर्टात जुन्या दाव्यांची रांग असते आणि तिथल्या न्यायाधीशाला ती रांग माहीत असते. ज्याला मुंबई-नागपूरचा वकील परवडतो त्याचा दावा पुढे गेला, की ज्याला परवडत नाही त्याचा मागे ढकलला जातो. पाणीवाटपात वरच्याने दारे फोडली की टोकाच्या माणसाचे रान कोरडे राहते, तसाच हा प्रकार.

मग हायकोर्टात जाण्यात अर्थच उरला नाही का? उरला आहे. घटनापीठाने दार बंद केलेले नाही, ते अरुंद केले आहे. "माझा दावा जुना आहे" एवढे सांगून आता भागत नाही. माझ्या दाव्यात इतरांपेक्षा वेगळे काय, हे दाखवावे लागते. म्हातारी विधवा आई वादी आहे आणि तिला पोटगीपुरतेही उत्पन्न मिळत नाही. मनाईचा अर्ज दोन वर्षे सुनावणीविना पडला आहे आणि तोवर समोरचा माणूस जमिनीतली माती उचलून विकतो आहे. दावा वीस वर्षे जुना आहे, साक्षीपुरावा पुरा झाला आहे, फक्त युक्तिवाद बाकी आहे. अशी कारणे असली तर न्यायाधीश कान देतात.

आधी आपला रोजनामा काढा

हायकोर्टाचे नाव काढण्याआधी एक काम करा. आपल्या दाव्याच्या रोजनाम्याची नक्कल मागा. प्रत्येक तारखेला कोर्टात काय घडले याची नोंद म्हणजे रोजनामा. नकलेचा अर्ज देऊन, फी भरून तो कोणत्याही पक्षकाराला मिळतो. आता तारखांची माहिती ई-कोर्टच्या संकेतस्थळावर आणि मोबाइलवरही पाहता येते. त्यासाठी दाव्याचा सोळा अक्षरांचा सीएनआर क्रमांक लागतो. महाराष्ट्रातल्या दाव्याचा क्रमांक एमएच या इंग्रजी अक्षरांनी सुरू होतो. वकिलांकडून तो मागून सातबाराच्या फाइलीतच लिहून ठेवा. घरातल्या कॉलेजात जाणाऱ्या मुलामुलीला सांगितले तर दोन मिनिटांत पुढची तारीख काढून देतील.

रोजनामा हातात आला की वही घेऊन बसा. तीन रकाने पाडा. समोरच्याने मुदत मागितली अशा तारखा पहिल्या रकान्यात, आपण किंवा आपल्या वकिलांनी मुदत मागितली त्या दुसऱ्यात, आणि न्यायाधीश रजेवर, पद रिकामे, वेळ संपला अशा तारखा तिसऱ्यात. हे करताना बऱ्याच जणांचे डोळे उघडतात. इतके दिवस "तो तारखा घेतो, तो तारखा घेतो" म्हणून ओरडायचे आणि रोजनाम्यात निम्म्या मुदती आपल्याच निघायच्या. साक्षीला उभे राहायचे तर नेमकी कापूस वेचणी आली, पुढच्या वेळी लग्न निघाले, त्यानंतर वकिलांना जिल्ह्याला जावे लागले. हायकोर्टही पहिल्यांदा रोजनामाच पाहते. उशीर आपल्यामुळे झाला असे त्यात दिसले तर अर्ज तिथेच संपतो, उलट खर्च बसला तरी नवल नाही.

रोजनाम्यावरून दुखणे नेमके कुठे आहे हेही कळते. समन्स अजून बजावले गेले नाही? एखादा प्रतिवादी मयत आहे आणि वारस लावलेले नाहीत? निशाणी ५ चा मनाई अर्ज पडून आहे? की कोर्ट कमिशनरचा मोजणी अहवालच आलेला नाही? दुखणे वेगळे तसे औषध वेगळे. समन्स न बजावल्याने थांबलेला दावा हायकोर्टात नेणे म्हणजे भिंगरीचा पट्टा तुटला म्हणून नवे इंजिन आणण्यासारखे आहे.

मयत वारसांबद्दल इथेच सांगतो, कारण शेतजमिनीच्या दाव्यात हमखास पाय घसरतो तो इथे. पक्षकार वारला की त्याचे वारस ९० दिवसांच्या आत रेकॉर्डवर आणायचे असतात. नाही आणले तर त्याच्यापुरता दावा रद्दबातल होतो. मग ते रद्द होणे बाजूला सारण्यासाठी पुढच्या ६० दिवसांत अर्ज करावा लागतो, आणि तोही हुकला तर उशीर माफ करा म्हणून कारणे देत बसावे लागते. भावकीत कुणी वारले तर तेराव्यानंतरच्या आठवड्यातच वकिलांना कळवा आणि मृत्यूचा दाखला द्या. समोरच्या बाजूचा माणूस वारला तरी वादीलाच त्याचे वारस लावावे लागतात, ही गोष्ट बऱ्याच जणांच्या ध्यानात येत नाही.

तालुक्याच्या कोर्टातच काय मागता येते

दिवाणी प्रक्रिया संहितेत दिरंगाईवर पुष्कळ औषधे आहेत, पण कुणी मागितली तर ना! प्रतिवादीने समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत कैफियत द्यायची असते, कोर्टाने कारण लिहून वाढवले तर ९० दिवसांपर्यंत. हा नियम दगडावरची रेघ नाही, असे सुप्रीम कोर्टाने २००५ साली म्हटले, पण उशीर करणाऱ्याने सबळ कारण द्यावे लागतेच. ९० दिवस उलटून गेले असतील तर कैफियतीशिवाय दावा पुढे चालवा असा अर्ज तुमच्या वकिलांनी द्यायला हवा. न्यायाधीश आपण होऊन देतील म्हणून वाट पाहू नये.

सुनावणी सुरू झाल्यावर एका पक्षकाराला तीनपेक्षा जास्त मुदती देऊ नयेत असे संहितेच्या १७ व्या आदेशात १ जुलै २००२ पासून लिहिलेले आहे. खरोखरची अडचण असेल तर कोर्ट जास्तही देऊ शकते, पण खर्च घालून. आणि ऐका, वकील दुसऱ्या कोर्टात गुंतले आहेत हे मुदतीचे कारण होऊ शकत नाही, हेही त्याच नियमात आहे. समोरच्याच्या प्रत्येक मुदत अर्जावर आपल्या वकिलांनी "हरकत आहे, खर्च बसवावा" असे लेखी म्हणणे द्यावे. मुद्दाम उशीर करणाऱ्याकडून खर्च घेण्यासाठी ३५-ब हे कलम १९७६ च्या दुरुस्तीपासून संहितेत आहे. खर्चाची रक्कम मोठी नसते, पण तुम्ही हरकत घेतली हे रोजनाम्यावर राहते. पुढे हायकोर्टात जाण्याची वेळ आली तर तोच तुमचा पुरावा.

समोरच्याने तुम्हाला न ऐकता एकतर्फी मनाई घेतली असेल, तर त्या अर्जाचा निकाल ३० दिवसांत लावण्याचा प्रयत्न कोर्टाने करावा असा ३९ व्या आदेशात नियम आहे. हाच नियम दाखवून सुनावणी मागा. युक्तिवाद संपून निकाल राखून ठेवला असेल तर तो साधारण ३० दिवसांत, आणि फार तर ६० दिवसांत द्यावा असे २० व्या आदेशात सांगितले आहे.

याशिवाय लवकर सुनावणीचा साधा अर्ज असतो. वादी वयोवृद्ध असेल तर वयाचा पुरावा जोडा. आजारी असेल तर सरकारी दवाखान्याचे कागद जोडा. अशा माणसांच्या दाव्यांना अग्रक्रम देण्याचा प्रघात आहे. साक्षीदारच म्हातारा असेल तर त्याची साक्ष आधी नोंदवून घ्या असाही अर्ज देता येतो. बांध कुठून जात होता हे सांगणारा शेवटचा माणूस निघून गेला, की मग नकाशे कितीही आणा, तेवढे वजन येत नाही.

या अर्जावर काय आदेश झाला, त्याची नक्कल घ्या. आदेशच झाला नाही तर अर्ज कधी दिला आणि किती तारखा तो पडून आहे, ते रोजनाम्यावर दिसेल. खालच्या कोर्टात मागितलेच नाही आणि थेट वर आलात, तर हायकोर्ट विचारणार: "तिथे अर्ज दिला होता का?" याचे उत्तर हातात हवे.

जिल्हा कोर्टाचा रस्ता

मधला हा रस्ता लोक विसरतात. तालुक्याच्या न्यायाधीशाची जागा रिकामी असेल, किंवा त्या कोर्टावर कामाचा फार बोजा असेल, तर संहितेच्या २४ व्या कलमाखाली जिल्हा न्यायाधीशांकडे दावा दुसऱ्या सक्षम कोर्टात वर्ग करण्याचा अर्ज करता येतो. हायकोर्टापेक्षा हे जवळ पडते आणि खर्चही कमी. मात्र "न्यायाधीश माझ्या विरोधात आहेत" असे वाटेल ते कारण घालून हा अर्ज करू नका. नुसत्या संशयावर दावा हलवत नाहीत, आणि उद्या त्याच न्यायाधीशांसमोर उभे राहायचे असते.

जुन्या दाव्यांवर लक्ष ठेवण्याची जिल्ह्यात व्यवस्थाही असते. २० ऑक्टोबर २०२३ रोजी यशपाल जैन विरुद्ध सुशीला देवी या उत्तराखंडातल्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने जिल्हा आणि तालुका कोर्टांसाठी बऱ्याच सूचना दिल्या. समन्स वेळेत बजवा, पाच वर्षांवरच्या जुन्या प्रकरणांचा हिशेब ठेवा, हायकोर्टाने त्यावर देखरेख करावी, अशा त्या आहेत. ते प्रकरणही जमीनजुमल्याचेच होते आणि त्यातला मूळ दावा १९८२ सालचा होता. तुमचा दावा पाच वर्षांवरचा असेल तर लवकर सुनावणीच्या अर्जात या निकालाचा उल्लेख वकिलांना करायला सांगा.

हायकोर्टात कसे जायचे

हे सगळे करून झाले, तरी दावा हलत नाही. मग हायकोर्ट.

कोणत्या ठिकाणी जायचे ते जिल्ह्यावर ठरते. विदर्भाचे अकरा जिल्हे नागपूर खंडपीठाकडे आहेत. मराठवाड्याचे आठ जिल्हे आणि त्यांच्यासोबत अहिल्यानगर, जळगाव, धुळे, नंदुरबार हे छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठाकडे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाले आहे. अक्कलकोट-सांगोल्याच्या माणसाचा मुंबईचा हेलपाटा त्यामुळे वाचला. पुणे, नाशिक, ठाणे, पालघर, रायगड यांना मुंबई. गोव्यासाठी तिथे वेगळे खंडपीठ आहे.

अर्जाला रिट याचिका म्हणतात. त्यासोबत दाव्याची नक्कल, कैफियत, पडून असलेला अर्ज, लवकर सुनावणीच्या अर्जाची नक्कल व त्यावरचा आदेश, आणि सगळ्यात महत्त्वाचा तो रोजनामा, एवढे कागद लागतात. हायकोर्टाचे काम इंग्रजीत चालते, तेव्हा मराठी कागदांची भाषांतरे करून घ्यावी लागतात. त्याचा खर्च वकिलांच्या फीत धरला आहे की वेगळा, हे पहिल्याच दिवशी विचारून घ्या. संकोच करू नका. पक्षकाराने तिथे प्रत्येक तारखेला जायची गरज नसते. शपथपत्रावर सही झाली की पुढचे वकील पाहतात. एसटीचे भाडे आणि दिवस मोडून दर तारखेला मुंबई-नागपूर गाठण्यात काही मिळत नाही.

मागायचे काय, यावर सगळे अवलंबून आहे. मागणी जितकी लहान आणि नेमकी, तितकी ती पदरात पडण्याची शक्यता जास्त. समजा तुमचा सात एकरांचा वाटपाचा दावा आहे. त्यात निशाणी ५ चा मनाई अर्ज दोन वर्षे पडून आहे, आणि दरम्यान समोरचा माणूस जमिनीचे तुकडे विकायच्या बेतात आहे. इथे "संपूर्ण दाव्याचा निकाल तीन महिन्यांत द्यावा" अशी मागणी कराल तर २०२४ चा निकाल आडवा येईल, आणि वाटपाच्या दाव्यात दहा-बारा पक्षकार असताना ते होणारही नाही. "निशाणी ५ चा अर्ज चार आठवड्यांत निकालात काढावा" एवढेच मागा. कोर्टाला ते देणे सोपे, खालच्या न्यायाधीशाला करणे सोपे, आणि तुमचे खरे संकट त्यानेच टळते.

खालच्या न्यायाधीशांवर याचिकेत चिखलफेक करू नका. एकेका कोर्टात शेकड्यांनी दावे असतात आणि माणूस एक असतो. उशीर झाला हे तारखांनी दाखवा. शिव्या लिहिल्याने तारखा वाढत नाहीत, याचिकेची पाने तेवढी वाढतात. न्यायाधीशाविरुद्ध भ्रष्टाचाराची तक्रार हा वेगळाच विषय आहे, त्याचा मार्ग वेगळा आहे, आणि निनावी पत्राने ते होत नाही.

आदेश हातात आल्यावर

हायकोर्टाने मुदत घालून दिली, की बरेच जण पेढे वाटतात आणि घरी बसतात. आदेशाची प्रमाणित नक्कल घेऊन ती खालच्या कोर्टात अर्जासोबत दाखल करावी लागते. तोवर त्या कोर्टाला त्याची खबर असेलच असे नाही.

दुसरे असे की, ही मुदत तुम्हालाही बांधून घेते. आता कोर्ट जवळजवळच्या तारखा देईल, आणि कापूस वेचणी आहे म्हणून मुदत मागता येणार नाही. साक्षीदार आणला नाही तर तुमचाच पुरावा बंद होईल. म्हणून वर जाण्याआधीच सातबारा, आठ-अ, फेरफार, खरेदीखते, मोजणीचा नकाशा यांच्या नकला तयार ठेवा. सरतपासाचे शपथपत्र लिहून ठेवा. साक्षीदारांना विचारून ठेवा. तयारी नसताना घाई मागणे म्हणजे वाफसा यायच्या आत पेरणी करणे.

निकाल लागला तरी काम संपत नाही

निकाल आपल्यासारखा लागला आणि ताबा मिळाला नाही, ही तर घरोघरीची कथा. दावा जिंकायला दहा वर्षे आणि दरखास्तीला आणखी दहा. सुप्रीम कोर्टाने एप्रिल २०२१ मध्ये राहुल शहा प्रकरणात सांगितले आहे की, बजावणीची दरखास्त दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकाली काढावी; उशीर झाला तर कोर्टाने लेखी कारणे द्यावीत. मार्च २०२५ मध्ये पेरियम्मल या तमिळनाडूच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने देशातल्या सर्व हायकोर्टांना आपापल्या हद्दीतल्या पडून असलेल्या दरखास्तींची माहिती मागवून त्या सहा महिन्यांत निकाली काढण्याची व्यवस्था करायला सांगितले. म्हणून हायकोर्टात जायचे असेल, तर दाव्यापेक्षा दरखास्तीसाठी जाणाऱ्याची बाजू आज जास्त भक्कम आहे. ताब्याच्या हुकूमनाम्याची बजावणी १२ वर्षांच्या आत मागायची असते हे मात्र विसरू नका. समजूत निघेल, भावकी आहे, असे म्हणत वर्षे निघून जातात.

वाटपाच्या दाव्यात आणखी एक वळण आहे. कोर्ट हिस्से ठरवते, पण सरकारसारा भरणाऱ्या शेतजमिनीचे प्रत्यक्ष तुकडे पाडण्याचे काम संहितेच्या ५४ व्या कलमाप्रमाणे कलेक्टरकडे जाते. तिथून तहसीलदार, भूमी अभिलेख, मोजणी असा कागद फिरतो. पुष्कळ वाटपे इथेच अडकून पडलेली असतात आणि माणूस कोर्टाला दोष देत राहतो. कागद कचेरीत अडला असेल तर आधी तहसील आणि कलेक्टर कचेरीत लेखी अर्ज द्या, पोच घ्या, महिन्या-दोन महिन्यांनी स्मरणपत्र द्या. तरी हालचाल नसेल तर "कलेक्टरांनी अमुक मुदतीत वाटप पुरे करावे" अशी रिट २२६ खाली मागता येते. तिथे ती पोचच कामी येते, तोंडी मारलेल्या हेलपाट्यांना पुरावा नसतो. रस्त्याचा अर्ज तहसीलदारांकडे किंवा अपील प्रांतांकडे वर्षानुवर्षे पडून असेल, तरी रीत हीच.

फौजदारी प्रकरणांबद्दल थोडक्यात. लवकर खटला चालवून घेणे हा माणसाच्या जगण्याच्या हक्काचाच भाग आहे, असे सुप्रीम कोर्टाने १९७९ साली बिहारच्या तुरुंगांत वर्षानुवर्षे खितपत पडलेल्या कच्च्या कैद्यांच्या प्रकरणात म्हटले. बांधावरच्या मारामारीची केस रखडली असेल तर तिथेही हायकोर्टाकडे जाता येते. १ जुलै २०२४ पासून नवी नागरिक सुरक्षा संहिता लागू झाल्याने ४८२ ऐवजी ५२८ हे कलम आले आहे, एवढा फरक.

पैशाची सोय नसेल तर

हायकोर्टाचा खर्च झेपत नाही म्हणून गप्प बसू नका. १९८७ च्या विधी सेवा कायद्याप्रमाणे स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीची माणसे, अपंग व्यक्ती, पूर-भूकंपासारख्या आपत्तीत सापडलेले, आणि ठरावीक मर्यादेपेक्षा कमी उत्पन्न असलेले लोक यांना सरकारी खर्चाने वकील मिळतो. स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींना उत्पन्नाची अट नाही, हे आपल्या माय-बहिणींनी मुद्दाम ध्यानात ठेवावे. तालुक्याच्या कोर्टात तालुका विधी सेवा समिती असते, जिल्हा कोर्टात जिल्हा प्राधिकरण आणि हायकोर्टात त्यांची वेगळी समिती. तालुक्यात अर्ज दिला तरी तो पुढे पाठवतात. दूरध्वनीवर विचारायचे तर १५१०० हा क्रमांक आहे.

त्याच कचेरीत लोकअदालतीचीही चौकशी करा. दोघांचीही भांडून दमछाक झाली असेल आणि वाद विहिरीच्या पाळीचा किंवा दोन गुंठ्यांचा असेल, तर लोकअदालतीत तडजोड होऊ शकते. तिथला निवाडा कोर्टाच्या हुकूमनाम्याइतकाच पक्का असतो, त्यावर अपील नाही, आणि दाव्यात भरलेली कोर्ट फी परत मिळते. फक्त सही करण्याआधी तडजोडीतले गट नंबर, क्षेत्र आणि दिशा सातबाराशी ताडून पाहा. गट नंबरातला एक आकडा चुकला तर तलाठ्याकडे फेरफार अडतो आणि दुरुस्तीसाठी पुन्हा त्याच कोर्टाची पायरी चढावी लागते.

वकिलांकडे जाताना या वस्तू पिशवीत ठेवा: रोजनाम्याची नक्कल, तीन रकान्यांची ती वही, सीएनआर क्रमांक, चालू सातबारा व आठ-अ, लवकर सुनावणीच्या अर्जाची नक्कल, वय किंवा आजाराचे कागद, आणि कुणी पक्षकार वारला असेल तर मृत्यूच्या दाखल्यासह त्याच्या सर्व वारसांची नावे-पत्ते. लग्न होऊन गेलेल्या मुलींची नावेही त्यात घाला.